आशाताईंची 'राहुल अँड आय' : रिमिक्सच्या खात्यात जमा झालेली कॅसेट

काही कॅसेटी घरात असतात, मनापासून ऐकल्याही जातात, पण पाहुण्यांसमोर त्यांचे नाव कुणी अभिमानाने घेत नाही. रायपूरच्या तात्यापारा-बूढापारा भागातल्या एखाद्या जुन्या मराठी घरात माळ्यावरचा खोका उघडून पाहा. वरच्या थरात 'गीतरामायण' असेल, भीमसेनजींची 'अभंगवाणी' असेल, नाट्यगीतांचा एखादा संच असेल. त्यांची कव्हरे अजून धड असतात, आतल्या कागदाची घडीसुद्धा मोडलेली नसते. तळाशी मात्र झाकण तुटलेली, अक्षरे पुसट झालेली एखादी ध्वनिफीत हाताला लागते. झाकण तुटले याचा अर्थ सरळ आहे. तीच सर्वांत जास्त वाजली! आशा भोसले यांची १९९६ सालची 'राहुल अँड आय' ही अशाच कॅसेटींपैकी एक.

आता तुम्ही म्हणाल, जी एवढी वाजली तिच्यावर अन्याय तो कसला? प्रश्न रास्त आहे. ही कॅसेट लोकप्रिय झाली होती, यात वादच नाही. पण आशाताईंच्या कारकिर्दीचा आढावा घेणारे लेख काढून बघा. 'तीसरी मंझिल' येते, 'उमराव जान' येते, 'रंगीला' येते, गझला येतात, भावगीते येतात, लावण्या येतात. 'राहुल अँड आय' आलीच तर एका ओळीत, आणि तीही जरा खाली मान घालून. 'नव्वदच्या दशकात त्यांनी काही रिमिक्सही केली', बस्स! जणू कर्त्या माणसाच्या हातून झालेली एखादी किरकोळ चूक, तिच्याबद्दल चारचौघांत फार बोलू नये अशी. ती चूक नव्हती, असे माझे मत आहे. त्यासाठी थोडे मागे जावे लागेल.

राहुलदेव बर्मन, म्हणजे सगळ्या चित्रपटसृष्टीचे पंचम, यांचे ४ जानेवारी १९९४ रोजी निधन झाले. वय अवघे चौपन्न. त्याआधीची काही वर्षे त्यांना फार कठीण गेली होती. सत्तरच्या दशकात ज्यांच्या दारात निर्मात्यांची रांग लागायची, त्यांच्याकडचे काम ऐंशीच्या दशकाच्या उत्तरार्धात आटत गेले. १९८८ मध्ये हृदयविकाराचा झटका आला, लंडनला शस्त्रक्रिया झाली. बाजाराचे गणित मोठे निष्ठुर असते. लागोपाठ चित्रपट पडले की संगीतकारही 'पडेल' ठरतो, मग चाली कितीही चांगल्या असोत. आणि चाली चांगल्याच होत्या! १९८७ सालचा 'इजाजत' आठवा. त्यातल्या गद्य वाटावे अशा गीताला पंचमनी चाल लावली, आशाताईंनी ते गायले आणि गायिका व गीतकार गुलजार या दोघांनाही राष्ट्रीय पुरस्कार मिळाले. त्याच वर्षी या तिघांनी मिळून 'दिल पडोसी है' हा चित्रपटाबाहेरचा अल्बम काढला. चौदा गाणी, आणि त्यांतले एकही पडद्यावरच्या नायिकेसाठी नाही. जाणकारांनी तो जपून ठेवला, बाकीच्यांच्या कानांपर्यंत तो फारसा पोहोचला नाही.

पंचम गेले आणि त्यानंतर सहा-सात महिन्यांनी '१९४२ : अ लव्ह स्टोरी' प्रदर्शित झाला. त्यातली गाणी गल्लोगल्ली वाजू लागली, 'फिल्मफेअर'चा पुरस्कारही मिळाला. घ्यायला पंचम नव्हते. शिवाय या शेवटच्या गाजलेल्या चित्रपटातल्या नायिकेचा आवाज आशाताईंचा नव्हता, तो कविता कृष्णमूर्तींचा होता. काळ बदलला होता. अलका याज्ञिक, अनुराधा पौडवाल, कविता कृष्णमूर्ती, साधना सरगम ही नावे आता नायिकांच्या तोंडी होती. साठी ओलांडलेल्या गायिकेसाठी ही वेळ सत्कार स्वीकारण्याची आणि जुन्या आठवणी सांगण्याची, असेच सर्वांनी गृहीत धरले होते.

तेवढ्यात 'रंगीला' आला. तारीख ध्यानात ठेवण्यासारखी आहे : ८ सप्टेंबर १९९५. त्या दिवशी आशाताईंना बासष्ट वर्षे पूर्ण झाली. त्यांच्या आवाजावर पडद्यावर नाचत होती विशी-एकविशीची ऊर्मिला मातोंडकर, आणि कुणालाही त्यात विजोड असे काही वाटले नाही. संगीतकार ए. आर. रहमान. योगायोग असा, की 'फिल्मफेअर'ने पंचमच्या नावाने नव्या संगीतप्रतिभेसाठी पुरस्कार सुरू केला, त्याचा १९९५ सालचा पहिला मानकरी हाच तरुण होता. आशाताईंनी १९७९ मध्येच 'आता माझा विचार पुरस्कारासाठी करू नका' असे कळवून ठेवले होते, म्हणून 'रंगीला'साठी त्यांना खास पुरस्कार द्यावा लागला.

'रंगीला'नंतर आशाताई परतल्या, हे सगळ्यांनी मान्य केले. पण तो चित्रपट होता. त्यात रहमानची चाल, ऊर्मिलाचे नृत्य, रामगोपाल वर्मांचे दिग्दर्शन हे सगळेच आले. त्यानंतर त्यांनी स्वतःच्या नावावर, कुठल्याही नायिकेची पाठराखण न करता जे केले, ते म्हणजे 'राहुल अँड आय'. नावच बघा. चित्रपटसृष्टी ज्यांना 'पंचम' किंवा 'आर. डी.' म्हणायची, त्यांना इथे 'राहुल' म्हटले आहे. ही बाजाराची हाक नव्हे, घरातली आहे. १९८० मध्ये दोघांचे लग्न झाले होते. ओळख त्याच्याही कितीतरी आधीची. गाण्यातली भागीदारी 'तीसरी मंझिल'पासूनची, म्हणजे १९६६ पासूनची. तीस वर्षांचा तो हिशेब या तीन शब्दांच्या नावात होता.

आणि तरीही त्या नावाकडे फारसे कुणी पाहिले नाही. सगळ्यांनी पाहिला तो ठेका.

त्या दिवसांत 'रिमिक्स' या शब्दाने घराघरांत भांडणे लावली होती. तरुण वाचकांना त्यामागचा प्रकार माहीत नसेल म्हणून सांगतो. आपल्या १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात एक तरतूद होती. एखाद्या गाण्याची मूळ ध्वनिमुद्रिका निघून दोन वर्षे झाली, की रीतसर सूचना देऊन आणि ठरलेली रॉयल्टी भरून कुणालाही ते गाणे नव्याने, दुसऱ्या आवाजात ध्वनिमुद्रित करता येत असे. मूळ गायिकेला विचारण्याची गरज नाही! ऐंशीच्या दशकात स्वस्त कॅसेटींचा पूर आला तो याच वाटेने. लता, आशा, रफी, किशोर यांची गाजलेली गाणी नव्या गळ्यांतून गाऊन घ्यायची आणि मूळ ध्वनिमुद्रिकेपेक्षा निम्म्याहून कमी किमतीत विकायची. रायपूरच्या मालवीय रोडवर, जयस्तंभ चौकात टोपल्या भरभरून अशा कॅसेटी असायच्या. घेणाऱ्याला कित्येकदा घरी जाऊन वाजवल्यावर कळायचे, की चित्र ओळखीचे आहे पण आवाज भलताच! पुढे २०१२ च्या दुरुस्तीने दोन वर्षांची मुदत पाच वर्षांवर नेली आणि मूळ रचनेत मनमानी फेरफार करण्यावर बंधने आली. तोवर पाणी बरेच वाहून गेले होते.

नव्वदच्या दशकात त्या स्वस्त नकलांच्या जोडीला ढोल-ड्रमचे यंत्र आले. पंचम गेले त्याच वर्षी, १९९४ मध्ये, इंग्लंडातल्या बर्मिंगहॅमच्या बॅली सागू या तरुणाने 'बॉलिवूड फ्लॅशबॅक' नावाची कॅसेट काढली. तिच्यातले सर्वांत गाजलेले गाणे कोणते? 'यादों की बारात'मधले 'चुरा लिया'. संगीत पंचमचे, मूळ आवाज आशाताईंचा. या नव्या अवतारात मात्र आवाज दुसऱ्याच गायिकेचा होता आणि मधेमधे इंग्रजी बडबडगीत होते. मी तेव्हा प्राथमिक शाळेत होतो. शेजाऱ्यांकडे नवीनच केबल आली होती. खरे सांगायचे तर ते गाणे मी पहिल्यांदा ऐकले ते असे, आणि मला ते फार आवडले होते. चमचा पेल्यावर हळूच आपटल्याचा तो सुरुवातीचा किणकिणाट १९७३ मध्ये एका संगीतकाराला सुचला होता, हे कळायला पुढे कित्येक वर्षे जावी लागली.

आता या पार्श्वभूमीवर 'राहुल अँड आय'कडे पुन्हा बघा. पंचमच्या गाण्यांची लूट चालू आहे. जो तो आपापल्या परीने ती गाणी वाजवतो आहे, गाऊन घेतो आहे, विकतो आहे. कायदा त्याला हरकत घेत नाही. ज्या बाईच्या गळ्यातून ती गाणी पहिल्यांदा बाहेर पडली, जिच्या नवऱ्याने ती रचली, तिने काय करावे? दोन मार्ग होते. एक, मुलाखतींतून दुःख व्यक्त करावे, 'आमच्या वेळी असे नव्हते' म्हणावे. त्याला टाळ्या मिळाल्या असत्या. दुसरा, स्वतः मायक्रोफोनसमोर उभे राहावे. आशाताईंनी दुसरा निवडला. गाणी नव्या ठेक्यावर ऐकायचीच आहेत ना तुम्हाला? मग माझ्या आवाजात ऐका!

त्यांनी हे मुलाखतीत असे म्हटले होते, असा माझा दावा नाही. मी एवढेच म्हणतो, की त्या काळाच्या गर्दीत ती कॅसेट ठेवून पाहिली की तिचा अर्थ असा निघतो.

संगीत संयोजनासाठी त्यांनी निवडलेला माणूसही विचार करण्याजोगा. लेस्ली लुईस. चित्रपटांचे प्रसिद्ध नृत्यदिग्दर्शक पी. एल. राज यांचा मुलगा. उत्तम गिटारवादक, जाहिरातींच्या जिंगल करून हात बसलेला. सुनीता राव यांच्या 'परी हूँ मैं'मागे हाच होता. त्याच १९९६ साली त्याने हरिहरन यांच्याबरोबर 'कलोनिअल कझिन्स' काढली आणि पुढे १९९९ मध्ये केके या गुणी गायकाचा 'पल' त्याच्याच हातून घडला. म्हणजे हा काही डिस्कोथेकमध्ये तबकड्या फिरवणारा हौशी नव्हता. पंचमची गाणी ऐकतच लहानाचा मोठा झालेला संगीतकार होता. आशाताई पुन्हा गायल्या आणि त्यांच्या आवाजाभोवती त्याने नव्या वाद्यांची रचना केली. जुन्या फितीखाली ठेका चिकटवून दिला, असा प्रकार नव्हता. सरसकट 'रिमिक्स' म्हणताना हा फरकच पुसला जातो.

टीका झाली, आणि ती कुणा ऐऱ्यागैऱ्याने केली नाही. खय्यामसाहेबांसारख्या ज्येष्ठ संगीतकाराने जुन्या चालींशी चाललेल्या या खेळाबद्दल जाहीर नाराजी व्यक्त केली. खय्याम यांचे नाव आले की आपण कान टवकारतोच. 'उमराव जान' करताना त्यांनीच आशाताईंना नेहमीच्या पट्टीपेक्षा खालून गायला लावले होते. त्या आधी तयार नव्हत्या, मग गायल्या, आणि १९८१ चा राष्ट्रीय पुरस्कार घेऊन आल्या. आशाताईंच्या आवाजात काय काय दडले आहे हे ज्यांनी शोधून दाखवले, अशा मोजक्या माणसांपैकी ते एक. त्यांचा आक्षेप झटकून टाकता येत नाही.

आमच्या घरीही एक आक्षेप होता आणि मला तो अजून विसरता आलेला नाही. आमचे काका नोकरी सांभाळून रायपूर-भिलाईच्या एका ऑर्केस्ट्रात तबला-ढोलक वाजवायचे. गणेशोत्सवाचे दहा दिवस त्यांना घरी जेवायला फुरसत नसे. आज या कॉलनीत, उद्या भिलाईच्या सेक्टरमध्ये. त्या कार्यक्रमांत पंचमची गाणी म्हणजे हुकमी एक्का. काकांनी 'राहुल अँड आय' पहिल्यांदा ऐकली, एक बाजू पूर्ण ऐकली, आणि म्हणाले, "बाई गातात छानच. पण खाली जो वाजतोय ना, तो तबला नाही रे, ते घड्याळ आहे."

घड्याळ! याहून नेमके वर्णन मी कुठल्या समीक्षकाकडूनही वाचलेले नाही. पंचमच्या गाण्यांचा जीव ठेक्यात होता हे सगळेच सांगतात, पण तो ठेका माणसांचा होता हे कमी जण सांगतात. मारुतीराव कीर तालाची बाजू सांभाळायचे, तबल्यावर देवीचंद चौहान, 'रेसो रेसो' नावाचे ते घासून वाजवायचे वाद्य अमृतराव काटकरांच्या हाती. ड्रमवर फ्रँको वाझ, छोट्या-मोठ्या तालवाद्यांवर होमी मुल्लन, सॅक्सोफोनवर मनोहारी सिंग, गिटार आणि माउथऑर्गनवर भानू गुप्ता. मराठी, गोव्याची, पारशी, नेपाळी, बंगाली, अशी माणसे एका खोलीत बसून एका तालावर श्वास घेत. ठेका कधी केसभर मागे रेंगाळायचा, कधी पुढे झुकायचा. गाणे डुलते ते त्या केसभरामुळे. यंत्र तेवढे अंतर ठेवत नाही. ते बरोबर सेकंदावर पडते, दर वेळी. 'राहुल अँड आय'मध्ये हे नुकसान आहे, ते नाकारण्यात अर्थ नाही. आणि त्या नुकसानीला एक दुसरी बाजूही होती. यंत्र आले तसे स्टुडिओतले वादक घरी बसू लागले. गावोगावच्या ऑर्केस्ट्रांवरही तीच पाळी आली. काकांचा तबला हळूहळू फक्त घरच्या आरतीपुरता उरला. त्यांच्या नाराजीत तेवढा वाटा त्याचाही असणार.

पण काकांचे पहिले वाक्य विसरू नका. 'बाई गातात छानच.'

कशा गातात? मूळ गाण्यांतली आशा तिशीची, चाळिशीची आहे. तिथे आवाज धावतो, उडी मारतो, खट्याळपणे वळतो. श्वास हेच वाद्य. 'कारवाँ'मधले 'पिया तू' आठवा, त्यात धापा टाकणेसुद्धा तालात आहे! साठीनंतर गळा एवढी धावपळ करीत नाही. तो जरा खालच्या अंगाला येतो, जाड होतो. पण पुन्हा गाताना आशाताई तरुण होण्याचे सोंग घेत नाहीत, हे मला फार मोलाचे वाटते. शब्दावर थांबायचे कुठे, सोडायचा कुठे, हे त्यांना आता इतके ठाऊक आहे, की धावण्याची गरजच उरत नाही. जिथे पूर्वी त्या नायिकेच्या वतीने लाडीगोडी करीत होत्या, तिथे आता स्वतःच बोलतात असे वाटते. ठेका घड्याळासारखा पडत राहतो आणि आवाज मात्र त्याच्या पुढेमागे हवा तसा हिंडतो. जो केसभर डौल यंत्रातून गेला, तो गळ्याने भरून काढलेला आहे. मास्टर दीनानाथांच्या घरातली तालीम अशा वेळी कामाला येत असावी. लय पोटात असली की बाहेर कुणी काहीही बडवो!

आणखी एक गोष्ट कानाला जाणवते, तीही सांगून टाकतो. पंचमच्या मूळ गाण्यांत पुष्कळदा खुद्द पंचमचा आवाज आहे. तो खरबरीत, दमदार, मधेच हाक मारणारा आवाज. 'पिया तू'मधली ती प्रसिद्ध हाक त्यांचीच. ही गाणी आशाताई जेव्हा पुन्हा गायला उभ्या राहिल्या, तेव्हा पलीकडच्या मायक्रोफोनवर तो माणूस नव्हता. हे एकदा मनात आले की उडत्या चालीचे गाणेसुद्धा वेगळे ऐकू येते.

मग ही कॅसेट मागे का पडली? एक कारण तिच्याच लेकरासारख्या दुसऱ्या कॅसेटीने दिले. पुढच्याच वर्षी, १९९७ मध्ये, आशाताई आणि लेस्ली लुईस यांची 'जानम समझा करो' आली. या वेळी गाणी नवी होती, त्यामुळे चालींशी खेळ केल्याचा आरोप करायला जागाच नव्हती. ती तुफान गाजली, 'एमटीव्ही'चा पुरस्कार मिळाला, नावाचा असा बोलबाला झाला की १९९९ मध्ये त्याच नावाचा चित्रपट आला. अलिशा चिनॉयची 'मेड इन इंडिया', दलेर मेहंदीची 'बोलो ता रा रा' यांच्या पंगतीत चौसष्टीची गायिका जाऊन बसली. तिच्या पॉप अवताराची गोष्ट सांगणारे लोक मग इथूनच सुरुवात करू लागले. आदल्या वर्षी दोघांनी मिळून काय अंदाज घेतला, कुठली वाट पाडली, ते बाजूला राहिले.

दुसरे कारण पुढे आलेल्या लाटेचे. २००२ मध्ये 'काँटा लगा' आले. 'समाधी' या १९७२ च्या चित्रपटातले गाणे, चाल पंचमचीच, मूळ आवाज लतादीदींचा. नव्यात मूळ आवाज नाही, पंचमना विचारण्याचा तर प्रश्नच नाही, आणि चर्चा झाली ती फक्त चित्रफितीतल्या कपड्यांची. त्यानंतर दोन-तीन वर्षे असा काही रतीब लागला की 'रिमिक्स' ही शिवीच झाली. आधीचे सगळे त्याच चिखलात माखले. 'राहुल अँड आय' आणि 'काँटा लगा' एकाच दावणीला बांधले गेले.

आता यापुढचे सांगितल्याशिवाय माझा मुद्दा पुरा होत नाही. २००५ मध्ये अमेरिकेतल्या 'क्रोनॉस क्वार्टेट' या नामांकित तंतुवाद्य-चौकडीने पंचमच्या गाण्यांचा एक अल्बम काढला, 'यू हॅव स्टोलन माय हार्ट'. बारा रचना, त्यांतल्या आठ आशाताईंनी पुन्हा गायल्या. वय एकाहत्तर. तबल्यावर झाकीर हुसेन, चिनी पिपा या वाद्यावर वू मान. मूळ गाण्यांची वाद्ये बदललेली, रंग बदललेला. म्हणजे कृती अगदी तीच, जी १९९६ मध्ये केली होती. स्वतःची जुनी गाणी, स्वतःच्याच आवाजात, परक्या वाद्यांसह. या वेळी कुणी भुवया उंचावल्या नाहीत. ग्रॅमीचे नामांकन मिळाले, आपल्याकडच्या वृत्तपत्रांनी अभिमानाने बातम्या छापल्या. व्हायोलिनवाल्या गोऱ्या माणसांनी केले तो आदर, आणि बांद्र्याच्या पोराने ड्रम लावून केले तो अनादर, हा न्याय मला अजून उमगलेला नाही.

क्रोनॉसचे काम उत्तम आहे, याबद्दल दुमत नको. वाद्यवृंदाच्या दृष्टीने तर ते 'राहुल अँड आय'पेक्षा कितीतरी वरचे, काकांनाही पटले असते. पण आपल्याच माणसाच्या गाण्यांना पुन्हा हात लावण्याचे धाडस एकदा करून झाले होते, तेही टीकेच्या माऱ्यात. दुसऱ्या वेळी वाट रुळलेली होती.

आणि तरुणांचे काय? माझ्या वयाची रायपुरातली, नागपुरातली, पुण्यातली किती मुले या मागच्या दाराने पंचमच्या घरात शिरली, याची मोजदाद कुणी केलेली नाही. माझ्यापुरते सांगतो. आधी बॅली सागू, मग 'राहुल अँड आय', मग 'ही गाणी मुळात कुठली?' असा प्रश्न, मग वडिलांच्या जुन्या कॅसेटी, मग 'तीसरी मंझिल', मग 'इजाजत'. उलट्या दिशेने चाललेला प्रवास, पण पोहोचलो. २००३ साली पंचमच्या वेडाने झपाटलेल्या तरुणांवरचा 'झंकार बीट्स' आला, तेव्हा आमच्या वर्गातल्या मुलांना पंचम कोण हे समजावून सांगावे लागले नाही. दहा वर्षांपूर्वी 'संपलेला' ठरलेला माणूस पुन्हा तरुणांचा झाला होता. हे श्रेय एका कॅसेटीचे नाही, पण तिचे अजिबात नाही असेही म्हणता येणार नाही.

आशाताईंची काळाशी ही अशी देवघेव कायमचीच. १९९७ मध्ये इंग्लंडच्या 'कॉर्नरशॉप' या बँडने त्यांच्या नावाने गाणे केले आणि फेब्रुवारी १९९८ मध्ये त्याचे नव्या ठेक्यावरचे रूप तिथे पहिल्या क्रमांकावर गेले. म्हणजे आशाताईंवरचे गाणेसुद्धा गाजले ते रिमिक्स होऊनच! पुढे २९ डिसेंबर २०२४ रोजी दुबईच्या कार्यक्रमात, वयाच्या एक्क्याण्णवाव्या वर्षी, त्यांनी त्या साली गाजत असलेले 'तौबा तौबा' हे पंजाबी गाणे गाऊन दाखवले, वर नाचाची ती प्रसिद्ध लकबही केली. त्याची चित्रफीत पाहून घराघरांतल्या नातवंडांनी आज्यांना हाका मारल्या.

ज्यांच्या खोक्यात ही कॅसेट आहे त्यांच्यासाठी एक सूचना. फीत इतकी वर्षे एकाच जागी पडून असेल तर लगेच वाजवू नका. पेन्सिल घालून आधी दोन्ही बाजूंनी हलकेच पूर्ण गुंडाळून घ्या, नाहीतर यंत्रात अडकून तुटते. आणि ऐकताना आधी मूळ गाणे ऐका, मग नवे, आणि मग पुन्हा मूळ. ठेक्याकडे कान दिलात तर मूळच जिंकेल. आवाजाकडे दिलात तर काय होते ते आम्हाला पत्राने जरूर कळवा.